मागच्या खोलीतली खुर्ची

सकाळपासून घरभर वायरी पसरल्या होत्या आणि आई स्वयंपाकघरातून बाहेर यायला तयार नव्हती. गेल्या आठवड्यातल्या वादानंतर तिने कानाला खडा लावला होता. चित्रीकरण करायचं तर करा, मी आडवी येणार नाही, पण मला काही विचारू नका. त्याप्रमाणे ती ओट्यापाशी स्टूल ओढून बसली होती आणि वाटाणे सोलत होती. वाटाणे कुणाला नको होते. जेवण बाहेरून येणार होतं.

ताईने तिच्यासमोर चहा ठेवला आणि केस तरी विंचरून घे म्हणून सुचवलं. आई म्हणाली, मला बघायला कुणी येत नाही, ज्यांना बघायला येतात त्यांचे विंचर. हे ताईच्या मुलीबद्दल, मुंगीबद्दल होतं. ताईने चहाचा कप तिच्याकडे आणखी सरकवला. जन्मात पहिल्यांदा ती धाकट्या बहिणीच्या बाजूने उभी होती आणि आई दोघींच्या विरोधात. या घरात ही वाटणी नवीन होती. लहानपणी आई आणि धाकटी स्टुडिओत असत, ताई आणि बाबा घरी. दोन घरं होती ती, एकाच छपराखाली. बाबांबरोबर ताई कपड्यांना इस्त्री करायला शिकली, भात लावायला शिकली, आणि दर शुक्रवारी संध्याकाळी टीव्हीसमोर बसून आपल्या आईची वाट बघायलाही शिकली. पडद्यावर बहीण दिसायची, आई कधीच दिसायची नाही.

धाकटीचं खरं नाव आता घरातही कुणी घेत नसे. लहानपणी एका मालिकेत तिने भिंगरी नावाच्या पोरक्या मुलीचं काम केलं आणि ती मालिका इतकी चालली की दुकानदार, शाळेतल्या बाई, दातांचे डॉक्टर आणि शेवटी बाबासुद्धा तिला भिंगरी म्हणू लागले. भिंगरी रडली की घराघरातले रुमाल बाहेर निघत. मग तिची उंची वाढली, आवाज बदलला, आणि एका शुक्रवारी भिंगरी म्हणून दुसरीच मुलगी पडद्यावर आली. त्यानंतर ती काय झाली आणि काय झाली नाही, हे सगळं घरातल्यांनी सोसलं होतं. ना शिक्षण धड, ना काम. शेवटी ती कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला गेली. रिअ‍ॅलिटी शोमध्ये स्पर्धकांना बसमधून उतरवून सेटवर नेण्याचं काम मिळालं, मग त्यांना विचारायचे प्रश्न लिहिण्याचं, मग स्वतः विचारण्याचं. त्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. माणूस खुर्चीत बसून पाणी पिईपर्यंत त्याला कुठे दुखतंय ते तिला कळलेलं असे.

आता पहिल्यांदाच कार्यक्रम तिचा स्वतःचा होता. एकेकाळी गाजलेलं माणूस आणि त्याचं आजचं घर, अशी कल्पना. चॅनलला कल्पना आवडली, पण त्यांनी अट घातली की पहिलं घर तिचंच हवं. निर्मातीच लपून बसली तर इतरांनी दार का उघडायचं, असं चॅनलच्या साहेबांचं म्हणणं होतं आणि ते खोडून काढणं कठीण होतं. आज फक्त चाचणी होती. आजचं चित्रीकरण पाहून ते हो किंवा नाही म्हणणार होते.

आईने गेल्या आठवड्यात एकच गोष्ट मागितली होती. मागच्या खोलीत भिंगरी जी खुर्ची ठेवणार, जिच्यात बसवून एकेकाला प्रश्न विचारणार, त्या खुर्चीत मुंगी बसणार नाही. भिंगरीने शब्द दिला होता. खुर्ची फक्त मोठ्यांसाठी.

मुंगी हे ताईच्या मुलीचं लाडाचं नाव. जन्मली तेव्हा एवढीशी होती म्हणून मुंगी. मागच्या वर्षी तिचे बाबा गेले आणि मायलेकी आईच्या घरी राहायला आल्या. आजार लांबला होता, घरात सगळ्यांना कळून चुकलं होतं, आणि तरीही ते गेले तेव्हा कुणालाच खरं वाटलं नाही. मुंगी मात्र रडली नाही. तेव्हाही नाही, नंतरही नाही. शाळेत गेली, डबा संपवून आली, गृहपाठ केला. लोक म्हणाले, शहाणी पोर आहे. ताई दातांच्या दवाखान्यात समोरच्या टेबलावर बसून दिवसभर दुखऱ्या माणसांना नंबर देत असे. गप्प बसणारी माणसं तिला ठाऊक होती. ज्यांना खरोखर दुखत असतं ती ओरडत नाहीत, गाल धरून बसतात. तिच्या मुलीने वर्षभर गाल धरला होता.

म्हणून ताईने होकार दिला होता. लोकांमध्ये मिसळेल, हसेल, कुणी कौतुक करेल. आणि मनाच्या तळाशी आणखी एक गोष्ट होती, जी तिने भिंगरीलाही सांगितली नव्हती. या घरातलं फोटोंचं सगळं कपाट भिंगरीने भरलेलं होतं. एकदा तरी माझ्या पोरीचा फोटो लागू दे.

*

आईच्या खोलीत टेबलावर तीन पडदे मांडले होते. भिंगरी मधल्या पडद्यासमोर बसली होती, कानावर हेडफोन, शेजारी आवाजाचं यंत्र सांभाळणारा माणूस, मागे चॅनलचे साहेब. साहेब वाईट नव्हते. दारात त्यांनी बूट काढले, आईला नमस्कार केला, मुंगीला तिच्या शाळेबद्दल विचारलं. लहानपणी आपण भिंगरी बघायला शेजाऱ्यांकडे जायचो, हेही सांगितलं. भिंगरीला असं सांगणारी माणसं रोज भेटत. ती हसली.

पडद्यावर कुटुंब जेवत होतं. आई शेवटी येऊन बसली होती, कारण तिच्याशिवाय चित्र पुरं होत नाही असं कॅमेरावाल्याने अजिजीने सांगितलं, आणि कॅमेरावाल्याला नाही म्हणणं आईच्या रक्तात नव्हतं. पडद्यावर ते दिसतही होतं. ती घास घेताना चेहरा उजेडाकडे ठेवत होती. ताईला ते जमत नव्हतं. ती सारखी पाण्याचे पेले भरत होती, आधीच भरलेले. मुंगी सगळ्यांना शहाण्यासारखी उत्तरं देत होती. शाळा आवडते. आजीकडे आवडतं. मावशी टीव्हीवर होती हे माहीत आहे, पण त्या भिंगरीचे केस फारच वाईट कापलेले होते. यावर सगळे हसले, आवाजाचा माणूसही हसला.

बराच वेळ असंच चाललं. भिंगरीला मागे न बघताही साहेबांचं वजन एका पायावरून दुसऱ्या पायावर गेलेलं कळत होतं.

"गोड आहे," साहेब हळूच म्हणाले. "पण मॅडम, गोड आमच्याकडे सकाळपासून संध्याकाळपर्यंत चालू असतं."

मग ते सावकाश बोलत राहिले. त्यांच्या वरती माणसं आहेत, ती पहिली दोन मिनिटं बघतात. त्यांना या घरात काय घडून गेलंय ते कळायला हवं. तुमचं घडून गेलं त्याला खूप वर्षं झाली, तुमच्या आईंना कॅमेरा पाठ आहे, बहीण मिटून आहे. राहिली ती लहान मुलगी. तिचे वडील गेल्याचं त्यांना माहीत होतं. कागदांवर लिहिलेलंच होतं. त्यांनी काही सुचवलं नाही. फक्त म्हणाले की तिच्या चेहऱ्यावर काहीतरी आहे, आणि ते बाहेर आणण्याची कला या गावात एकाच बाईकडे आहे असं ते ऐकून आहेत.

भिंगरीने हेडफोन काढले. तिला शब्द आठवत होता. आईचा चेहराही आठवत होता, शब्द घेताना तिने कसा हात घट्ट धरला होता ते. आणि त्याच वेळी तिच्या मनात प्रश्न तयारही झाले होते, एकापुढे एक, पहिला सोपा, दुसरा त्याहून सोपा. ते तिने तयार केले नव्हते. इतकी वर्षं केलेलं काम स्वतःच पुढे चालतं.

जेवणं झाली. आई पडायला दिवाणखान्यात गेली, ताई खाली फळं आणायला उतरली. भिंगरी मुंगीला म्हणाली, चल, जरा मागच्या खोलीत बसू. मुंगीने विचारलं, खुर्चीत? आणि भिंगरी काही बोलायच्या आत पळत जाऊन बसली. तिचे पाय जमिनीला टेकत नव्हते.

*

पहिला प्रश्न होता, या खोलीत तू कुठे झोपतेस. दुसरा, आधीच्या घरात कुठे झोपायचीस. मुंगीने हातांनी दाखवलं, इथे पलंग, इथे खिडकी, तिकडे बाबांची खोली. बाबांची वेगळी खोली का, असं भिंगरीने अगदी साध्या आवाजात विचारलं, जसं काही तिला ठाऊकच नव्हतं. मुंगी म्हणाली, ते आजारी होते म्हणून. मग भिंगरी गप्प बसली. हीच खरी कला होती. प्रश्न कुणीही विचारतं. गप्प बसायला येत नाही. समोरच्याला ती शांतता सहन होत नाही आणि तो हाताशी असेल ते तिच्यात टाकतो.

"त्या खोलीला वास यायचा," मुंगी म्हणाली.

भिंगरीने मान हलवली.

"औषधांचा. म्हणजे नुसता औषधांचा नाही. मला आवडायचा नाही. आई म्हणायची जा, बाबांजवळ बस, तर मी सांगायचे अभ्यास आहे. अभ्यास नसायचा." ती खुर्चीच्या हातावर बोट फिरवत होती. "एकदा मी दारावरून जात होते. दार उघडं होतं. बाबांनी हात केला, असा, ये म्हणून. मी बघितलंच नाही असं केलं. पण मी बघितलं होतं."

"मग?"

"मग काही नाही. मग त्यांना दवाखान्यात नेलं."

तिचा चेहरा आधी तसाच राहिला. मग हनुवटी हलली, आणि वर्षभराचं रडू एकदम आलं. आवाज न करता, तोंड उघडं, श्वास अडकलेला. मुलं फारच थोड्या वेळा असं रडतात. भिंगरीने असं रडणं आयुष्यात बऱ्याचदा केलं होतं आणि त्याहून जास्त वेळा करवून घेतलं होतं. कॅमेरावाला आपण होऊन पुढे सरकला. चेहरा, मग ते बोट, मग पुन्हा चेहरा. प्रकाश बरोबर होता. सगळंच बरोबर होतं. आणि भिंगरीच्या छातीत आधी जे उमटलं ते दुःख नव्हतं. तो आनंद होता, काम साधल्याचा, निखळ. तो किती वेळ राहिला कोण जाणे. मग तिचं लक्ष दाराकडे गेलं. तिथे आई उभी होती.

*

आई कॅमेऱ्यासमोरून चालत गेली. चित्र बिघडवायचं नाही हा नियम तिने कधी मोडला नव्हता, तो आज मोडला. तिने मुंगीला खुर्चीतून उतरवलं, तिचं तोंड आपल्या पोटाशी दाबून धरलं आणि हुंदके बसेपर्यंत तशीच उभी राहिली. मग तिला बाहेर गॅलरीत नेऊन बसवलं, पाणी दिलं, आणि परत आली. कॅमेरावाला नजर चुकवून बाहेर निघाला.

परत येता येता आईला तो जुना स्टुडिओ आठवत होता. दुपार झाली होती, दृश्य होत नव्हतं, डोळ्यांत घालायच्या औषधाने पोरीचे डोळे नुसते लाल झाले होते आणि दिग्दर्शक हातातले कागद मांडीवर आपटत होता. तेव्हा आईच पुढे झाली. भिंगरीच्या कानाशी वाकून म्हणाली, तुझ्या बाबांना गाडीने उडवलं, ते गेले. पुढचं दृश्य वर्षानुवर्षं लोकांच्या लक्षात राहिलं. दिग्दर्शक म्हणाला होता, तुम्ही सोनं आहात. मग तिने पोरीला जवळ घेतलं, खोटं होतं गं म्हणून सांगितलं, बाबांच्या ऑफिसात फोन लावून त्यांचा आवाज ऐकवला. पुढे कित्येक वर्षं आई ही गोष्ट पाहुण्यांना सांगायची. अभिमानाने सांगायची.

मग एक दिवस बाबा खरंच गेले. भिंगरी त्यांच्या पलंगाशी उभी राहिली आणि रडली नाही. ती खोलीत इकडेतिकडे बघत होती, एकेकाच्या चेहऱ्याकडे. ती कशाची वाट बघतेय हे त्या खोलीत फक्त आईला समजलं. कुणीतरी येऊन खोटं होतं म्हणून सांगण्याची. त्या दिवसापासून आईने ती गोष्ट कुणाला सांगितली नाही. माझं चुकलं असं सांगायचं होतं ते एकीलाच, भिंगरीला, आणि तेवढा धीर झाला नाही.

"तू शब्द दिला होतास," आई म्हणाली.

"मी तिला काही खोटं सांगितलं नाही." भिंगरीचा आवाज चढला नाही, पण तो तयार होता, इतकी वर्षं हे वाक्य तिने जपून ठेवलं असावं. "मी तुझ्यासारखं केलं नाही, आई. मी फक्त विचारलं. ती स्वतः बोलली. मी कधीच कुणाला खोटं सांगून रडवत नाही, तेवढं मी माझ्यापुरतं ठरवलेलं आहे."

आई पलंगाच्या कडेवर बसली. खुर्चीत बसली नाही.

"मी खोटं सांगून रडवलं," ती म्हणाली. "वाईटच केलं. पण तुझं रडून झालं तेव्हा तुझे बाबा होते. फोनवर बोलले तुझ्याशी. संध्याकाळी घरी आले. हिचे बाबा कुठून आणणार आहेस तू?"

भिंगरीने रिकामी खुर्ची भिंतीकडे सरकवली. दारात ताई उभी होती, फळांची पिशवी घेऊन. ती केव्हा आली ते दोघींनाही कळलं नव्हतं.

*

ताईने आधी पिशवी खाली ठेवली. मग गॅलरीत डोकावून पाहिलं. मुंगी समोरच्या गच्चीवरच्या कबुतरांकडे बघत पाणी पीत होती, डोळे सुजलेले, पण शांत. ताई परत आली आणि तिने बहिणीला एवढंच विचारलं की ती रडली का. भिंगरी हो म्हणाली.

"तुझ्यासमोर?"

"हो."

ताईच्या चेहऱ्यावर राग नव्हता, आणि भिंगरीला रागापेक्षा ते जड गेलं. वर्षभर ही बाई रोज संध्याकाळी मुलीच्या उशाशी बसून वाट बघत होती. तिला जे मिळालं नाही ते बहिणीने एका दुपारी काढून घेतलं होतं, अनोळखी पुरुषांच्या देखत.

साहेब आईच्या खोलीतून बाहेर आले. त्यांचे डोळेही ओले होते, आणि ते खोटे नव्हते. ते ताईशी अदबीने बोलले. मुलीचं असं धैर्य आपण पाहिलं नाही, म्हणाले. हे दाखवलं तर ज्या घरांत असं घडलंय त्या घरांना आधार वाटेल, लोक तिच्यावर जीव टाकतील, तिचं शिक्षण, तिचं पुढचं सगळं मार्गी लागेल. सकाळी ताईने संमती दिलेलीच होती, पण तरी आपण तिला पुन्हा विचारतो आहोत. त्यांनी तिच्यासाठी हेडफोन पुढे केले. आधी ऐकून घ्या, मग ठरवा.

ताईने हात पुढे केला. काय म्हणाली असेल मुलगी, हे ऐकायला तिचा जीव कासावीस झाला होता. ती हो म्हणणार होती, हे आईला दिसत होतं. भिंगरीलाही दिसत होतं. आणखी एक गोष्ट भिंगरीलाच ठाऊक होती, की ते ऐकल्यावर ताईला मुलीचा बापाकडे न वळलेला चेहरा दिसेल. आणि तो चेहरा उद्या शाळेतल्या प्रत्येक मुलीने पाहिलेला असेल. मुंगी मोठी होईल, तिची उंची वाढेल, आवाज बदलेल, आणि तरी दुकानात कुणीतरी तिला थांबवून सांगेल, तूच ना ती, बाबांनी हात केला आणि बघितलं नाही ती.

"ताई, नको ऐकूस," ती म्हणाली. "निदान असं नको."

मग ती साहेबांकडे वळली आणि म्हणाली की हे देता येणार नाही. साहेबांनी विचारलं, हा भाग की कार्यक्रम? तिने क्षणभर विचार केला. या भागाशिवाय कार्यक्रम घेणार का, असं उलट विचारण्यात अर्थ नव्हता. उत्तर तिला माहीत होतं. चाचणीचं चित्रीकरण अजून तिच्या मालकीचं होतं, चॅनलने हो म्हणेपर्यंत. ती आवाजाच्या माणसाकडे आणि कॅमेरावाल्याकडे गेली आणि मागच्या खोलीतलं सगळं पुसायला सांगितलं. कॅमेरावाल्याने दोनदा विचारलं. दोन्ही वेळा ती हो म्हणाली, आणि पुसून होईपर्यंत त्याच्या खांद्यामागे उभी राहिली.

साहेब बूट घालता घालता म्हणाले की तुम्ही हा कार्यक्रम केला नाहीत तर दुसरं कुणीतरी करेल. धमकी नव्हती ती, माहिती होती. आणि तसंच झालं. पुढच्या वर्षी दुसऱ्या कंपनीने तो केला, दुसऱ्या घरात, दुसऱ्या मुलांबरोबर, आणि तो चांगला चालला. भिंगरीने त्यानंतर बराच काळ मिळेल ते काम केलं. पण हे पुढचं.

*

साहेब गेले. आईने फळं धुतली. कॅमेरे पेट्यांत गेले. मुंगी गॅलरीतून आली आणि भिंगरीसमोर उभी राहिली. तोंड धुतलेलं होतं, केसांच्या बटा ओल्या.

"मावशी, चांगलं झालं का?"

भिंगरी गुडघ्यांवर बसली. ती प्रश्नाला घाबरली होती, कारण हाच प्रश्न ती स्वतः लहानपणी प्रत्येक दृश्यानंतर विचारायची. "ते चांगलं-वाईट असं काही नव्हतं, मुंगी. आणि आता ते नाहीये. पुसून टाकलं मी. कुणी बघणार नाही."

तिला वाटलं होतं पोरगी सुटल्यासारखी होईल. मुंगीचा चेहरा पडला.

"पुसलं?" ती म्हणाली. "मग आईला कसं कळणार?"

ताई दोन पावलांवर उभी होती. मुंगीने तिच्याकडे न बघता मावशीलाच समजावून सांगितलं, मोठ्यांना सोपं करून सांगावं तसं. आईला काही सांगितलं की ती रडते. बाबांचं नाव काढलं तरी रडते. म्हणून आपणच सांगत नाही. पण टीव्हीवर लागलं असतं तर आईने घरी बसून बघितलं असतं, रडायचं तेवढं रडली असती, आणि तेव्हा आपण शाळेत असतो. म्हणून तर ती खुर्चीत बसली होती.

आईच्या हातातली सुरी फळावर तशीच टेकलेली होती. भिंगरीला तेव्हा समजलं की खुर्चीत बसलेल्या माणसाचं तिला सगळं कळतं, हा तिचा समज होता. मुलीने आपल्या आईला निरोप पाठवला होता आणि तिने तो मधल्यामध्ये फोडला होता, मग फाडलाही होता.

ताई पुढे आली. तिने मुंगीचा हात धरला.

"मी रडेन," ती म्हणाली. "ते काही मला थांबवता येणार नाही. पण रडून झालं की मी इथेच असेन. चल, मला सांग."

मग दोघी मागच्या खोलीत गेल्या आणि ताईने दार लावून घेतलं.

भिंगरी आईच्या खोलीत आली. पडदे काळे होते. आवाजाचा माणूस पेट्या उचलून खाली गाडीकडे गेला होता, यंत्र तेवढं टेबलावर राहिलं होतं. त्याच्यावर हिरव्या दिव्यांची एक रांग हलत होती. तिला आधी कळेना हे काय आहे. मग लक्षात आलं की मुंगीच्या सदऱ्याला लावलेला माइक काढायचाच राहिला आहे.

हेडफोन तिथेच पडले होते. तिने त्यांना हात लावला नाही. दिवे बारीक बारीक चढत होते, उतरत होते. मुंगी बोलत होती. मग थांबले. बराच वेळ नुसता एकच दिवा जळत राहिला, खोलीतल्या शांततेचा. भिंगरीला अशा शांतता ओळखीच्या होत्या, पण या शांततेत कुणी कुणाकडून काही काढून घेत नव्हतं. मग रांग एकदम वरपर्यंत गेली आणि हेलकावत खाली आली, पुन्हा वर गेली. ते एकीचं रडणं नव्हतं. दोघींचं होतं.

तिने यंत्राचं बटण दाबलं आणि दिवे मालवले. स्वयंपाकघरातून आई विचारत होती, कुणाला काही हवंय का. भिंगरी म्हणाली, मी येते तिकडे, आणि गेली.